'पेलो मालो' म्हणजे कुरळे केस नव्हेत : डबिंग आणि सबटायटल करून घेणाऱ्यांना खुले पत्र

परभाषेतल्या मालिका-चित्रपट आपल्याकडे आणणाऱ्या ओटीटी कंपन्या, वाहिन्या आणि डबिंग स्टुडिओ यांच्या भाषा विभागांस,

स.न.वि.वि.

मी पुण्यात राहते. स्पॅनिश शिकले, काही वर्षं शिकवली, आणि गेली अकरा वर्षं स्पॅनिश मालिकांची हिंदी-मराठी सबटायटल्स करते. अधूनमधून डबिंगच्या स्क्रिप्टही लिहिते. तुमच्यापैकी अनेकांशी रोज ईमेलवर बोलणं होतं, पण ईमेलमध्ये वेळ आणि दर यांपलीकडे विषय जात नाही. म्हणून हे उघड पत्र.

काही महिन्यांपूर्वी एका मालिकेचा पहिला भाग माझ्याकडे आला. करारामुळे नाव सांगत नाही. डॉमिनिकन रिपब्लिकची राजधानी सान्तो दोमिंगो, तिथलं साधं घर. मागच्या दारी आजी खुर्चीवर बसली आहे, सात-आठ वर्षांची नात खाली, आजीच्या दोन गुडघ्यांच्या मध्ये. कंगवा अडकतो, आजी ओढते, पोरगी कळवळते. आजी बोटांनी तेल चोळते, पुन्हा ओढते आणि स्वतःशीच बोलल्यासारखी म्हणते, "आय मिहा, एसे पेलो मालो." आवाजात राग अजिबात नाही. दमलेपणा आहे आणि पोरीची काळजी आहे.

मला दिलेल्या इंग्रजी टेम्प्लेटमध्ये, म्हणजे ज्यावरून आम्ही भाषांतर करायचं त्या तयार इंग्रजी मजकुरात, त्या ओळीचा अर्थ 'किती कुरळे केस तुझे' असा केला होता. मी मूळ ऐकलं आणि लिहिलं, "काय गं बाई, हे असले वाईट केस आले तुझ्या वाट्याला." तीन दिवसांनी फाइल तपासणीहून परत आली. शेरा होता : लहान मुलीच्या शरीराबद्दल 'वाईट' नको, 'कुरळे' करा. मी कारण लिहून पाठवलं. उत्तर तेच आलं. भाग 'कुरळे' घेऊन प्रदर्शित झाला.

शेरा लिहिणाऱ्या व्यक्तीचा हेतू चांगला होता, याबद्दल मला शंका नाही. पण झालं काय ते पाहा. पेलो म्हणजे केस, मालो म्हणजे वाईट. कॅरिबियन स्पॅनिशमध्ये हा वर्णनाचा शब्द नाही, निवाडा आहे. आफ्रिकेतून गुलाम करून आणलेल्या माणसांच्या वंशजांचे जे केस, ते 'वाईट', युरोपातून आलेल्यांचे सरळ केस 'चांगले', पेलो बुएनो. आजी नातीला केसांचा आकार सांगत नाहीये. समाजात तिची जागा कुठे असणार आहे, ते सांगते आहे, आणि ते तिला प्रेमाने सांगावं लागतंय, यात त्या प्रसंगाचा सगळा घाव आहे. ज्या देशावर 1930 ते 1961 राफाएल त्रुहियोची हुकूमशाही होती, जो त्रुहियो स्वतःचा चेहरा उजळ दिसावा म्हणून पावडर लावत असे, आणि ज्याच्या हुकमाने 1937 मध्ये हजारो हैतियन माणसं मारली गेली, त्या देशातली ही आजी आहे. तिथे ओळखपत्रावर त्वचेच्या रंगाच्या रकान्यात वर्षानुवर्षं 'इन्दिओ', म्हणजे मूळनिवासी, असं लिहिलं जायचं. बेटावरचे मूळ रहिवासी स्पॅनिश आल्यावर काही दशकांतच जवळपास संपले होते, तरी आफ्रिकी वंश कबूल करायला नको म्हणून हा शब्द कामाला आला. हे सगळं त्या दोन शब्दांत आहे. आपण त्याचं 'कुरळे' केलं. आता आमच्या प्रेक्षकाला वाटतं, आजी वेणी घालताना वैतागली आहे, एवढंच.

हे एका ओळीचं दुखणं असतं तर मी पत्र लिहिलं नसतं. लॅटिन अमेरिकन मालिकांमध्ये शरीराबद्दल जे जे बोललं जातं, रंग, केस, नाक, जाडी, उंची, ते जवळजवळ सगळं आपल्याकडे पोचेपर्यंत धुऊन निघालेलं असतं. कारण मूळ स्पॅनिशवरून थेट भाषांतर फार कमी होतं. आधी इंग्रजी टेम्प्लेट बनतं, मग त्यावरून हिंदी, मराठी, तमिळ. टेम्प्लेट करणारा माणूस इंग्रजी प्रेक्षकाला खटकू नये म्हणून धार काढतो, आणि बिनधारेचं वाक्य पुढे वीस भाषांमध्ये जातं.

ही धार फार जुनी आहे. अठराव्या शतकात, आजच्या मेक्सिकोच्या मुलखात चित्रकार 'कास्ता', म्हणजे जाती-वंशाच्या, चित्रांच्या मालिका काढत. बहुधा सोळा चित्रांचा संच. प्रत्येकात आई, बाप आणि मूल, आणि खाली लिहिलेलं : स्पॅनिश पुरुष आणि इन्दिया स्त्री यांचं मूल मेस्तीसो, स्पॅनिश आणि नेग्रा म्हणजे काळी स्त्री यांचं मूलातो, आणि असं पुढे. मिगेल काब्रेराचा 1763 चा संच यातला सगळ्यात प्रसिद्ध. खालच्या पायऱ्यांवर पोचता पोचता नावं लोबो म्हणजे लांडगा, कोयोते, 'तेन्ते एन एल आइरे' म्हणजे हवेत लटकलेला, आणि 'नो ते एन्तिएन्दो' म्हणजे तू काही मला कळत नाहीस, अशी होत जातात. रंग, कपडे, अंगणातली भांडी, सगळं पायरीप्रमाणे बदललेलं. वर्गात ही चित्रं दाखवली की माझे विद्यार्थी गप्प व्हायचे. वर्णसंकराच्या याद्या आपल्या स्मृतिग्रंथांतही आहेत, हे मला कधी सांगावं लागलं नाही.

पुढे स्वातंत्र्य आलं, मेक्सिकोत 1910 ची क्रांती झाली, आपण सगळे मेस्तीसो, आपल्यात रंगभेद नाही, असं शाळेत शिकवलं गेलं. आणि 2017 मध्ये तिथल्या राष्ट्रीय सांख्यिकी संस्थेने एका पाहणीचे आकडे जाहीर केले. 25 ते 64 वयाच्या लोकांपुढे 11 छटांची पट्टी ठेवून स्वतःचा रंग ओळखायला सांगितलं होतं. छटा जितकी उजळ तितकं शिक्षण जास्त, वरच्या पदावरचं काम जास्त. पाहणीवर बराच वाद झाला, पण टीव्हीवर मालकीण कोण आणि मोलकरीण कोण हे रंगावरून ओळखू येतं, हे सांगायला तिथल्या कुणाला पाहणीची गरज नव्हती.

आता मला सर्वात जास्त सलणारी गोष्ट. 'मेहोरार ला रासा' हा वाक्प्रयोग मालिकांमध्ये सतत येतो. मुलीने गोरा मुलगा पटवला की मावशी खूश होऊन म्हणते. शब्दशः अर्थ, वंश सुधारणे. टेम्प्लेटमध्ये मी याचं 'चांगलं स्थळ मिळवलंस' अशा अर्थाचं इंग्रजी वाचलं आहे. पण मराठीत हे वाक्य आधीपासून आहे! आपल्या घरांत ते बोललं गेलंय. मुलगी पाहायला जाऊन आल्यावर, चहाचे कप विसळताना, एखादी काकू म्हणालेली असते : "पोरं तरी उजळ निपजतील." बोगोटातली मावशी आणि सोलापूरची काकू यांना एकमेकींचं बोलणं समजायला इंग्रजीची काही गरज नाही. मध्ये इंग्रजी येते आणि दोघींना अनोळखी करून टाकते.

तुमच्या निषिद्ध शब्दांच्या यादीत 'काळा' आणि 'काळी' आहेत. ती यादी का झाली असेल, ते मला कळतं. 'काळी' ऐकत मोठ्या झालेल्या मुली मी पाहिल्या आहेत, त्यातल्या दोन माझ्याच घरातल्या. तो शब्द पडद्यावर उगाच यावा असं मलाही वाटत नाही. पण नेग्रा, नेग्रीता, मोरेना, प्रिएता या काळ्या-सावळ्या बाईसाठीच्या चार वेगळ्या शब्दांना 'ती मुलगी' हे एकच उत्तर देऊन आपण कुणाचंच रक्षण करत नाही.

हा प्रश्न किती अवघड आहे, ते फुटबॉलमधल्या दोन प्रकरणांवरून कळतं. 29 नोव्हेंबर 2020 ला मँचेस्टर युनायटेडच्या एदिन्सोन काव्हानीने साउदॅम्प्टनविरुद्ध गोल केले. मित्राने इन्स्टाग्रामवर अभिनंदन केलं, काव्हानीने उत्तर दिलं, "ग्रासियास नेग्रीतो", म्हणजे 'धन्यवाद, काळू'. इंग्लंडच्या फुटबॉल संघटनेने त्याला तीन सामन्यांची बंदी आणि एक लाख पौंड दंड केला. उरुग्वेच्या राष्ट्रीय साहित्य अकादमीने जाहीर निषेध केला : आमच्याकडे हा जिव्हाळ्याचा शब्द आहे, गोऱ्या मित्रालाही म्हणतात. आणि त्याच्या नऊ वर्षं आधी, 2011 मध्ये, उरुग्वेचाच लुइस सुआरेस भर सामन्यात, भांडणाच्या तावात पात्रिस एव्हरा या काळ्या खेळाडूला 'नेग्रो' म्हणाला होता. त्याचाही बचाव हाच होता, की आमच्याकडे असं म्हणतात. चौकशी समितीने स्पॅनिश भाषेच्या तज्ज्ञांना विचारलं. शब्द एरवी मैत्रीचा असू शकतो, पण अशा भांडणात तो अपमान ठरतो, असं तज्ज्ञांचं मत पडलं. आठ सामन्यांची बंदी झाली.

शब्द तोच, देश तोच. पहिल्या प्रकरणात मला उरुग्वेची अकादमी बरोबर वाटते, दुसऱ्यात समिती. फरक कशाने पडला? कोण कुणाला म्हणतंय, कुठल्या आवाजात, त्याआधी काय झालंय. अनुवादकाचं काम नेमकं एवढंच तर असतं. अर्जेंटिनाची गायिका मेर्सेदेस सोसा हिला अख्खा देश प्रेमाने 'ला नेग्रा' म्हणायचा, आणि त्याच देशात 1940 च्या दशकात आतल्या प्रांतांतून ब्वेनोस आइरेसला कामधंद्यासाठी आलेल्या सावळ्या मजुरांना 'कावेसीता नेग्रा', काळं डोकं, असं हिणवलं गेलं. पहिल्या ठिकाणी मी 'आमची काळी' लिहीन, तेही अगदी आईच्या सुरात. दुसऱ्या ठिकाणी असा शब्द लिहीन की वाचणाऱ्याला टोचलं पाहिजे. दोन्ही ठिकाणी यादी मला अडवते.

आणि कधी कधी शब्दाने रंग सांगितलेलाच नसतो. मेक्सिकोच्या बाजारात भाजीवाली कुठल्याही गिऱ्हाइकाला 'ग्वेरीता' म्हणते, म्हणजे गोरे, गोरटे. गिऱ्हाईक चांगलं सावळं असलं तरी. एका फाइलमध्ये मी हे 'ताई' केलं आणि रात्रभर मला बरं वाटेना. 'ताई' बरोबर आहे, आपल्या मंडईत भाजीवाली तसंच म्हणते. पण तिथे गिऱ्हाइकाला खूश करायचं तर गोरं म्हणायचं, ही गोष्ट त्यात हरवली. अजून मला याचं उत्तर सापडलेलं नाही. 'गोऱ्या ताई' करून पाहिलं, कानाला बोचतं. कुणाला सुचलं तर जरूर कळवा.

डबिंगमध्ये आणखी एक प्रकार होतो, आणि त्याबद्दल मी जास्त कडक बोलणार आहे.

2018 च्या 'रोमा' या चित्रपटात मेक्सिको शहरातल्या एका घरातली मोलकरीण क्लेओ ही मुख्य भूमिका आहे. ती केली यालित्सा आपारिसिओने. वाहाका राज्यातल्या त्लाहिआकोची ही मुलगी बालवाडी शिक्षिकेचं शिक्षण घेतलेली, आई त्रिकी समाजाची, वडील मिस्तेको, दोन्ही मूळनिवासी समाज. जानेवारी 2019 मध्ये व्होगच्या मेक्सिकन आवृत्तीच्या मुखपृष्ठावर ती झळकली, मग ऑस्करसाठी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं नामांकन मिळालं. तेव्हा एका टीव्ही नटाचा खासगी गप्पांतला व्हिडिओ बाहेर आला, त्यात तो तिला 'इन्दिया' म्हणून शिवी घालत होता, 'हो बाईसाहेब, नाही बाईसाहेब' एवढंच तर म्हणते ती, असं म्हणत होता. त्याने नंतर माफी मागितली. एका विनोदी नटीने तिची नक्कल करायला नकली रुंद नाक लावलं, चेहरा तपकिरी रंगवला. देशाची सर्वात मोठी बातमी झालेल्या स्त्रीचं शरीर हेच तिथे विनोदाचं साहित्य ठरलं.

क्लेओ मालकिणीशी स्पॅनिश बोलते आणि स्वयंपाकघरात मैत्रिणीशी मिस्तेको. दोन भाषा, दोन स्त्रिया जणू. सबटायटलमध्ये मिस्तेको संवाद वेगळे दिसावेत म्हणून चौकटी कंसात दिले होते, ते मला फार आवडलं. आणि त्याच चित्रपटाला स्पेनमध्ये स्पेनच्या स्पॅनिशची सबटायटल्स लावली गेली! 'गान्सितो' हा मेक्सिकोतला पॅकेटमधला केक, त्याचं 'गान्चितो' झालं, म्हणजे स्पेनमधले चीजचे कुरकुरे. दिग्दर्शक आल्फोन्सो क्वारोन संतापला आणि ती सबटायटल्स काढून टाकावी लागली. एका भाषेतून त्याच भाषेत आणतानासुद्धा माणसाला त्याच्या जागेवरून उचलता येतं, हे तेव्हा सगळ्यांनी पाहिलं.

आपण काय करतो? एका डबिंगसाठी मी स्क्रिप्ट लिहिली, त्यात अशीच एक मूळनिवासी समाजातली मोलकरीण होती. मूळ नटी हळू, जपून, नेटकं स्पॅनिश बोलते, परकी भाषा मेहनतीने कमावलेल्या माणसासारखं. स्टुडिओत गेले तर तिला हेल काढून, 'व्हय जी', 'न्हाय जी' असा आवाज दिला होता. मी विचारलं, हे कुठून आलं? उत्तर मिळालं, कामवाली आहे ना, प्रेक्षकाला पटकन कळतं. मालकीण मात्र सदाशिव पेठी.

वऱ्हाडी, अहिराणी, मालवणी, कोल्हापुरी या कुणाच्या तरी आईच्या बोली आहेत, त्या गरिबीची वर्दी नाहीत. दलित आणि ग्रामीण साहित्याने बोली छापील मराठीत ताठ मानेने आणून पन्नासहून जास्त वर्षं झाली, आणि आपण डबिंगच्या खोलीत तिला पुन्हा मोरीत भांडी घासायला बसवतो. पोर्तो रिकोत जन्मलेल्या नटी रिता मोरेनोला 1961 मध्ये हॉलिवूडने तिच्या स्वतःच्या रंगाहून गडद मेकअप फासला होता, सगळे पोर्तो रिकन एकाच छटेचे दिसावेत म्हणून. ते आज वाचून आपल्याला चीड येते. मग आवाजाला फासलेल्या रंगाचं काय? त्या नटीला कुठली बोली द्यायचीच असेल तर तिचं स्वयंपाकघरातलं बोलणं गोंडीत किंवा भिलीत करा, मालकिणीशी बोलणं प्रमाण मराठीत, जपून उच्चारलेलं. जमत नसेल तर तिची भाषा मुळातली तशीच ऐकू द्या आणि खाली ओळ द्या.

वाहिन्यांना एक वेगळी गोष्ट सांगायची आहे, कारण तुम्ही मालिकांचे साचेही विकत घेता. कोलंबियात 1999 मध्ये सुरू झालेल्या, 'कुरूप' ठरवलेल्या 'बेत्ती'च्या मालिकेवरून 2003 मध्ये हिंदीत 'जस्सी' आली आणि आमच्या घरी जेवणाची वेळ तिच्याप्रमाणे बदलली. मी तेव्हा कॉलेजात होते, चष्मा होता, जस्सी मला माझी वाटायची. पुढे मूळ मालिका स्पॅनिशमध्ये पाहिली तेव्हा लक्षात आलं की बेत्ती काय किंवा जस्सी काय, दोघींची कुरूपता वस्तूंची आहे. चष्मा, दातांच्या तारा, केसांचा चाप, ढगळ कपडे. वेळ आली की काढून ठेवता येते. खाली गोरी, सरळ नाकाची नटी तयारच असते. ज्या मुलीला काढून ठेवण्यासारखं काही नाही, जिचा रंग, नाक आणि केस हेच 'कुरूप' ठरवले गेलेत, तिच्या वाट्याला ती मालिका आली नाही, तिथेही नाही आणि इथेही नाही. पुढचा साचा आणताना ही मुलगी आठवावी, एवढंच म्हणते. मेक्सिकोत 2021 पासून 'पोदेर प्रिएतो' या नावाने नटनट्या एकत्र येऊन हेच मागतायत. प्रिएतो म्हणजे काळा, शिवीसारखा वापरला जाणारा शब्द, तो त्यांनी स्वतःच्या नावात घेतला. अशा मंडळींच्या मुलाखतीला सबटायटल करताना 'काळी' निषिद्ध असेल तर मी काय लिहू?

माझी मागणी फार खर्चाची नाही. स्पॅनिश येणाऱ्या माणसाकडून थेट स्पॅनिशवरून करून घ्या, निदान त्याला टेम्प्लेटला नाही म्हणायचा अधिकार द्या. शरीराबद्दलच्या शब्दावर शेरा मारायचा असेल तर मारा, पण त्याआधी तो प्रसंग आवाजासकट पाहा. कागदावर 'वाईट' वाचून ठरवू नका.

मराठी याबाबतीत गरीब भाषा नाही. मेक्सिकोची ग्वादालूपेची माउली, 1531 मध्ये तेपेयाकच्या टेकडीवर हुआन दिएगो नावाच्या मूळनिवासी माणसाला तिचं दर्शन झालं असं भाविक मानतात, तिला लोक 'ला मोरेनीता' म्हणतात. दर 12 डिसेंबरला लाखो लोक तिच्या बॅसिलिकाकडे चालत येतात. एका म्हाताऱ्याच्या तोंडी हा शब्द आला, टेम्प्लेटमध्ये नुसतं 'देवी मेरी' अशा अर्थाचं होतं. मी 'सावळी माउली' लिहिलं. शेरा आला, 'फार देशी वाटतं.' अहो, ज्यांनी विटेवरच्या काळ्या दगडाला सावळे सुंदर रूप म्हटलं त्या भाषेत हा शब्द नाही शोभणार तर कुठे शोभेल? पायी चालत आलेला म्हातारा स्वतःच्या रंगाच्या आईला हाक मारतो आहे. माझ्या मनात तरी त्याहून जवळचा शब्द नव्हता. तो भाग नंतर दुसऱ्या कुणी पूर्ण केला.

आता सान्तो दोमिंगोच्या त्या घराकडे येते, कारण त्याच मालिकेचा सातवा भाग सध्या माझ्याकडे आहे. नात आता वीस वर्षांची झाली आहे. सलोनमध्ये दर आठवड्याला रोलर आणि ड्रायर लावून सरळ केलेले केस तिने कापून टाकलेत, डोक्यावर बोटभर नवे, घट्ट वळलेले केस आहेत. आजी त्याच खुर्चीवर बसली आहे. पोरगी तिच्यापुढे खाली बसते, आजीचा हात घेऊन स्वतःच्या डोक्यावर ठेवते आणि म्हणते, "आब्वेला, नो एस मालो." आजी काही बोलत नाही, बराच वेळ हात तसाच ठेवते.

मी लिहिलं आहे, "आजी, हे केस वाईट नाहीत गं." ओळ दोन सेकंदांत बसते, मोजून पाहिली. पण पहिल्या भागात कुणी त्यांना वाईट म्हटल्याचं आमच्या प्रेक्षकाने ऐकलेलंच नाही. पहिल्या भागाची सबटायटल फाइल अजून बदलता येते, एका ओळीचं काम आहे, मी त्याचे पैसे घेणार नाही. बदललेली ओळ या पत्राबरोबर पुन्हा पाठवते आहे.

आपली,
एक सबटायटल अनुवादक
पुणे